कल्पित जगातला समुद्र चमकवायचा असेल, तर आधी बादलीभर पाणी ढवळून बघा

कल्पित जगाचा नकाशा काढणाऱ्या लेखकांना रात्री चमकणारा समुद्र फार आवडतो. मलाही आवडतो. पण बहुतेक कथांमध्ये तो नुसताच चमकत राहतो. नायकाची नाव निघाली की पाणी निळं होतं, प्रसंग संपला की विझतं. ते पाणी कशामुळे उजळतं, तो उजेड कोणी पाहावा म्हणून आहे आणि त्याचा खर्च कोण सोसतं, हे विचारलंच जात नाही. याची मला खरोखर हळहळ वाटते. खऱ्या समुद्रातल्या चमकणाऱ्या सूक्ष्मजीवांचे नियम विलक्षण आहेत. ते एकदा समजले की कथेतल्या चोरवाटा, रात्रीच्या लढाया, निषिद्ध ऋतू, यातलं पुष्कळसं आपोआप सुचत जातं.

या लेखापुरता आपण एक समुद्र कल्पू आणि त्याला निळवण म्हणू. निळवणच्या काठी माणसं राहतात, होड्या हाकारतात, मासे धरतात. जादूटोणा तिथे असेल किंवा नसेल. पाण्यातला उजेड मात्र जिवंत आहे, एवढंच आपण ठरवू. आता हा उजेड कसा वागेल?

सजीवाने स्वतःच्या शरीरातल्या रासायनिक क्रियेतून प्रकाश निर्माण करणं म्हणजे जीवदीप्ती. बहुतेक सजीवांत तिला तीन गोष्टी लागतात: ल्युसिफेरिन नावाचं इंधन, ल्युसिफेरेज नावाचं विकर, म्हणजे ती क्रिया घडवून आणणारं प्रथिन, आणि ऑक्सिजन. इंधनाचा ऑक्सिजनशी संयोग होतो, त्यातून ऊर्जेने भारलेला रेणू तयार होतो आणि तो शांत होताना जादा ऊर्जा प्रकाशाच्या रूपाने टाकून देतो. उष्णता नगण्य असते, त्यामुळे कितीही उजळलं तरी पाणी हाताला गारच लागतं. 1880च्या दशकात राफाएल द्युब्वा या फ्रेंच शास्त्रज्ञाने हे इंधन आणि विकर वेगवेगळं करून दाखवलं. चमकणाऱ्या जीवाचा अर्क थंड पाण्यात काढला तर तो काही वेळ चमकून विझे. गरम पाण्यात काढला तर चमकतच नसे, कारण उष्णतेने विकर नष्ट होई. विझलेले हे दोन्ही अर्क एकत्र केले की उजेड पुन्हा येई.

ऑक्सिजनचा मुद्दा त्याहून जुना आहे आणि कल्पित जगासाठी जास्त कामाचा. 1668 मध्ये रॉबर्ट बॉइल यांनी चमकणारं कुजकं लाकूड काचेच्या भांड्यात ठेवून आतली हवा उपसली, तेव्हा उजेड गेला. हवा आत सोडल्यावर तो परत आला. ऑक्सिजन नावाचा काही वायू असतो हे कळायला तेव्हा आणखी शंभरेक वर्षं होती. याचा निळवणसाठी अर्थ असा, की जिथे पाण्यात ऑक्सिजन नाही तिथे हा उजेडही नाही. आपल्या जगातल्या काळ्या समुद्रात साधारण 150 ते 200 मीटरच्या खाली ऑक्सिजन उरतच नाही. निळवणच्या तळाशी असा मृत थर असेल, तर वरच्या पाण्यात ठिणग्या आणि त्याखाली एकदम काळोख अशी सीमा आखली जाईल. शिवाय चमकणारे जिवाणू बाटलीत दाटीने भरून बूच घट्ट लावलं, तर ते स्वतःच आतला ऑक्सिजन संपवतात आणि बाटली विझते. बूच काढून हलवली की पुन्हा पेटते. कथेतल्या दिव्याला ही खोड असलीच पाहिजे.

आता शीर्षकातल्या बादलीकडे येऊ. चमकणाऱ्या समुद्राचे दोन अगदी वेगळे प्रकार आहेत. ते ओळखायला अंधारात बादलीभर पाणी घेऊन ढवळणं पुरतं. ढवळल्यावर ठिणग्या उडाल्या तर ते डायनोफ्लॅजेलेट. न ढवळताच पाणी संथ उजळलेलं असेल, तर ते जिवाणू. कथाकार या दोघांची सरमिसळ करतात आणि मग तर्क कोलमडतो.

डायनोफ्लॅजेलेट म्हणजे एकपेशीय प्लवक, पाण्याबरोबर वाहत जाणारे सूक्ष्मजीव. बहुतेकांना चाबकासारख्या दोन कशाभिका असतात आणि त्या हलवत ते पाण्यात फिरतात. काही सूर्यप्रकाशावर अन्न तयार करतात, काही दुसऱ्यांना खातात, काही दोन्ही करतात. समुद्रकिनाऱ्यावर निळ्या लाटा दिसल्या तर बहुधा हेच असतात. त्यांतला नॉक्टिल्युका त्या मानाने मोठा असतो. एकच पेशी, पण अनेकदा अर्धा मिलिमीटर भरते, म्हणजे ठिपका म्हणून नुसत्या डोळ्यांनीही जाणवू शकते.

यांचा उजेड पेटतो कसा, हे मला या सगळ्या विषयातलं सर्वांत सुंदर प्रकरण वाटतं. पेशीच्या आत एक मोठी रिक्तिका, म्हणजे पाण्याने भरलेली पिशवी असते आणि तिच्यातलं पाणी आम्लधर्मी असतं. रिक्तिकेला लागून सिंटिलॉन नावाचे अतिसूक्ष्म कोश असतात आणि इंधन व विकर दोन्ही त्यांत भरलेलं असतं. एरवी कोशातला पीएच (हा आकडा जितका कमी, तितकं आम्ल जास्त) 8च्या आसपास असतो आणि त्या स्थितीत विकर निपचित पडून राहतं. काही प्रजातींत तर इंधनालाही एक वेगळं प्रथिन धरून ठेवतं. पाण्याच्या ओढीने पेशीचं पटल ताणलं गेलं की विद्युतसंदेश रिक्तिकेच्या पटलावरून धावतो, प्रोटॉनच्या, म्हणजे पाणी आम्लधर्मी करणाऱ्या कणांच्या वाटा उघडतात आणि आम्ल कोशात शिरतं. पीएच 6च्या आसपास उतरला की विकर जागं होतं, इंधन सुटतं आणि झळक उमटते. हा सगळा खेळ सेकंदाच्या साधारण दहाव्या भागात आटोपतो. प्रोटॉनच्या अशा वाटा असल्या पाहिजेत, हा अंदाज फोगेल आणि हेस्टिंग्ज यांनी 1972 मध्येच बांधला होता. त्या घडवणारं जनुक डायनोफ्लॅजेलेटमध्ये सापडल्याचं 2011 मध्ये प्रसिद्ध झालं.

यातून निघणारा नियम कथाकाराने गाठीशी बांधावा: हालचाल नाही, तर उजेड नाही. संथ पाणी पूर्ण काळं राहतं. समुद्राची नुसती मंद हेलकावणीही त्यांना पेटवायला पुरत नाही. फुटणारी लाट, वल्ह्याचा फटका, माशाचं शेपूट, असा पाण्याला जोराने कातरणारा ताण लागतो. म्हणजे निळवणवर रात्री हल्ला करायला निघालेली नौका वल्हवली तर कोसभरावरून तिची रेघ दिसेल. तिला प्रवाहावर सोडून द्यावं लागेल. पाण्याखालून येणारं जनावर दिसणार नाही, पण त्याच्या अंगाभोवतीचं पाणी दिसेल आणि ते थबकलं की क्षणात नाहीसं होईल. अपोलो 13चे अंतराळवीर जिम लॉव्हेल 1950च्या दशकात नौदलाचे वैमानिक होते. जपानजवळच्या समुद्रावर एका रात्री त्यांच्या विमानातले दिवे गेले, आणि विमानवाहू जहाजाने घुसळलेल्या पाण्याच्या उजळलेल्या पट्ट्यामागून जात त्यांनी आपलं जहाज गाठलं, ही आठवण ते सांगत असत. दिवे असते तर तो पट्टा त्यांना दिसलाच नसता.

एवढा खटाटोप एका पेशीने का करावा? कोपेपॉड नावाचे सूक्ष्म कवचधारी प्राणी डायनोफ्लॅजेलेटना खातात. पेशीला धक्का लागला की ती झळकते आणि कोपेपॉड दचकून मागे उसळतो. हा झाला पहिला फायदा. दुसरा अधिक धूर्त आहे. त्या झळकीमुळे कोपेपॉडच उघडा पडतो आणि त्याला खाणाऱ्या माशाला त्याचा ठावठिकाणा कळतो. घरात चोर शिरल्यावर घरच्यांनी आरडाओरडा करून गस्तवाल्याला बोलवावं, तसा हा प्रकार. ही कल्पना मार्टिन बर्कनरोड यांनी 1943 मध्ये मांडली. पुढे 1990च्या दशकात प्रयोगशाळेत काळोखात मासे आणि कोपेपॉड एकत्र ठेवून पाहिलं, तेव्हा पाण्यात चमकणारे डायनोफ्लॅजेलेट असले की माशांना जास्त कोपेपॉड सापडतात असं दिसून आलं.

निळवणच्या कथेची खरी कळ मला इथे दिसते. हा उजेड माणसांसाठी नाहीच. तो शिकाऱ्याच्या शिकाऱ्याला दिलेला इशारा आहे. तुमच्या जगात समुद्री राक्षस असतील, तर लाखो वर्षांत ते या इशाऱ्याकडे वळायला शिकलेले असणार. रात्री वल्हं मारणारा माणूस नकळत त्यांनाच हाक घालतो. उजेड सुंदर दिसतो म्हणून पाण्यात हात फिरवणारं मूल आणि तो हात घाईने बाहेर ओढणारी आजी, हा प्रसंग जीवशास्त्रानेच लिहून दिलेला आहे.

जिवाणूंची गोष्ट पूर्ण वेगळी. एकटा जिवाणू चमकत नाही, कारण त्याचा उजेड कुणाला दिसणारच नाही आणि ऊर्जा फुकट जाईल. प्रत्येक जिवाणू आजूबाजूला थोडं थोडं संदेश-रसायन सोडत असतो. संख्या वाढली की ते रसायन साचतं, ठरावीक पातळी ओलांडतं आणि मगच सगळ्यांत प्रकाशाची जनुकं सुरू होतात. नीलसन, प्लॅट आणि हेस्टिंग्ज यांनी 1970 मध्ये चमकणाऱ्या जिवाणूंमध्ये ही यंत्रणा दाखवून दिली. आज तिला कोरम सेन्सिंग म्हणतात. हे जिवाणू मग एकसंध, न लुकलुकणारा उजेड देतात. त्यांचा हेतूही उलटा दिसतो. माशाच्या आतड्यात भरपूर अन्न मिळतं, म्हणून त्यांना गिळलं जाणं सोयीचं. अन्नकणावर जमून ते चमकतात, तो कण कोणीतरी खातं, खाणाऱ्याचं पोट चमकतं आणि मग मासा त्यालाही टिपतो. एकाच समुद्रात एक उजेड खाणाऱ्याला पिटाळण्यासाठी आणि दुसरा खाणाऱ्याला बोलावण्यासाठी, असे दोन्ही असू शकतात.

जिवाणूंच्या या उजेडाचं सर्वांत भव्य रूप म्हणजे दुधाळ समुद्र. खलाशी शतकानुशतकं सांगत आले, की रात्री क्षितिजापासून क्षितिजापर्यंत पाणी पांढुरकं उजळलं होतं, आणि ऐकणारे त्यांना थापाडे समजत. 25 जानेवारी 1995 रोजी सोमालियाच्या किनाऱ्यापासून दूर ‘लिमा’ नावाच्या जहाजाने अशी नोंद केली. पुढे स्टीव्हन मिलर आणि सहकाऱ्यांनी त्याच रात्रींची जुनी उपग्रहचित्रं तपासली. सुमारे 15,400 चौरस किलोमीटरचा उजळ डाग तिथे सलग तीन रात्री दिसत होता. हे संशोधन 2005 मध्ये प्रसिद्ध झालं. 2019 मध्ये जावा बेटाच्या दक्षिणेला पसरलेला दुधाळ समुद्र तर एक लाख चौरस किलोमीटरहून मोठा होता आणि महिन्याहून अधिक टिकला. ‘गणेशा’ नावाची एक शिडाची नौका योगायोगाने त्यातून गेली. त्यावरच्या लोकांनी बादलीत पाणी काढलं, तेव्हा त्यात स्थिर उजेडाचे बिंदू दिसले आणि ढवळल्यावर ते उलट विझले. उजेड पाण्याच्या वरच्या सायीतून न येता काही मीटर खोलीतून येत असावा, असंही त्यांना वाटलं. त्याआधी 1985 मध्ये सोकोत्रा बेटाजवळ एका अमेरिकी जहाजाला अशा पाण्याचा नमुना मिळाला होता. त्यात शैवालावर वाढलेले व्हिब्रिओ हार्वेयी हे जिवाणू सापडले.

निळवणवर असा दुधाळ काळ आला तर नियम उलटे होतील. आता नौका लपवायला वल्हं थांबवून उपयोग नाही. उजळ पाण्यावर ती काळी आकृती म्हणून उठून दिसेल. ज्या रात्री चोरांची सोय, त्याच रात्री पहारेकऱ्यांची गैरसोय, आणि महिन्याभराने उलट. एकाच समुद्रात दोन युद्धनीती.

किती उजेड मिळेल, हा प्रश्न कथाकार टाळतात, पण आकडेमोड सोपी आहे. लिंग्युलोडिनियम या डायनोफ्लॅजेलेटची एक पेशी एका झळकीत साधारण 10 कोटी प्रकाशकण सोडते. एका प्रकाशकणाची ऊर्जा माहीत आहे, त्यामुळे गुणाकार केला की कळतं: सेकंदभर एक वॅट निळा उजेड हवा असेल तर सुमारे 2,400 कोटी पेशींनी एकदम झळकायला हवं. दाट बहर आलेल्या पाण्यात लिटरमागे दहा लाख पेशी धरल्या, तर 24,000 लिटर पाणी लागेल, तेही एका सेकंदासाठी. शिवाय पेशीकडे रात्रीपुरतं ठरावीकच इंधन असतं. जिवाणूंचं गणित थोडं बरं, पण एक वॅटसाठी दाट वाढवलेल्या जिवाणूंचं शेकडो ते हजारो लिटर पाणी लागेलच. म्हणून चमकणाऱ्या पाण्यावर उजळलेली अख्खी नगरी मला पटत नाही. एक दालन मात्र पटतं. 1900च्या पॅरिस प्रदर्शनात द्युब्वा यांनी चमकणाऱ्या जिवाणूंनी भरलेली काचपात्रं मांडून खरोखर एक खोली उजळवली होती. तिथे उजेड आला तो जिवाणूंइतकाच अंधाराला सरावलेल्या डोळ्यांमुळे. डोळे पुरते सरावायला अर्धा तास लागतो. निळवणच्या मंदिरात शिरणाऱ्याला आधी अर्धा तास काळोख्या दालनात बसवत असतील, तर त्यामागे भक्कम कारण आहे.

रंगाबाबत थोडक्यात. डायनोफ्लॅजेलेटचा उजेड साधारण 475 नॅनोमीटर तरंगलांबीचा, म्हणजे निळा. जिवाणूंचा 490च्या आसपास, थोडा हिरवटपणाकडे झुकणारा. कारण पाणीच आहे. पाण्यातून निळा प्रकाश सर्वांत दूर जातो, तांबडा काही मीटरांत शोषला जातो, आणि समुद्रातले बहुतेक डोळे निळ्यालाच सरावलेले असतात. पाण्याचा हा गुण कल्पित जगातही बदलणार नाही, त्यामुळे तांबडा समुद्र हवा असेल तर तो उजेड जवळच्या जवळ कुणाला दिसणं पुरेसं ठरतं, हे आधी ठरवावं लागेल. पिवळा मात्र शक्य आहे: चमकणाऱ्या जिवाणूंचा एक वाण सहायक प्रथिनाच्या मदतीने पिवळा उजेड देतो. आणि दुधाळ समुद्र पांढरा दिसतो तो आपल्या डोळ्यांमुळे. मंद उजेडात ज्या पेशी काम करतात त्यांना रंग कळत नाही. निळवणवर माणसांखेरीज दुसरी एखादी जमात राहत असेल आणि तिचे डोळे वेगळे असतील, तर एकाच पाण्याला एक जमात पांढरं म्हणेल आणि दुसरी निळं, आणि दोघी खरं सांगत असतील.

कालगणनेकडेही लक्ष द्यायला हवं. लिंग्युलोडिनियम दिवसा चमकत नाही म्हटलं तरी चालेल. 1950च्या दशकात हेस्टिंग्ज आणि बिअ‍ॅट्रिस स्वीनी यांनी दाखवलं, की त्याला सतत एकसारख्या मंद प्रकाशात ठेवलं तरी साधारण 24 तासांची चढउतार चालूच राहते. पेशीत स्वतःचं घड्याळ असतं. रोज पहाटेकडे ती प्रकाशाची सामग्री मोडते आणि संध्याकाळी नव्याने बांधते. म्हणून भरदुपारी खग्रास ग्रहण लागलं तरी हा समुद्र पेटायचा नाही. कथेत तो पेटवायचाच असेल, तर तिथे जिवाणूंना आणा, त्यांना सूर्याचं वेळापत्रक लागत नाही. चंद्र कितीही असोत, ते उजेड विझवत नाहीत, फक्त झाकतात. दोन चंद्रांच्या जगात दोन्ही मावळलेले असतील अशा रात्री थोड्याच येतील, आणि पंचांगात त्यांना मोठा मान असेल.

ज्या ग्रहाची एकच बाजू सदैव सूर्याकडे असते, तिथे काय होईल यावर मी बराच विचार केला. काळ्या बाजूला सूर्यप्रकाशावर जगणारं प्लवक टिकणार नाही. पण उजेडाकडच्या बाजूने येणारे सागरी प्रवाह मृत प्लवक आणि सेंद्रिय कण वाहून आणतील. त्यांच्यावर जिवाणू पोसतील आणि नॉक्टिल्युकासारखे खाऊन जगणारेही टिकतील. म्हणजे त्या अंधाऱ्या समुद्रात उजेड सगळीकडे नसेल, तो प्रवाहांच्या वाटांवर असेल. तिथल्या खलाशांना नकाशाच लागणार नाही.

नकाशावरची जागा निवडताना उथळ, अरुंद तोंडाची खाडी घ्या. पोर्तो रिकोजवळच्या व्हिएकेस बेटावरचा मॉस्किटो बे असाच आहे. तोंड अरुंद असल्याने पायरोडिनियम हे डायनोफ्लॅजेलेट बाहेर वाहून जात नाहीत आणि काठच्या खारफुटीची कुजणारी पानं पोषण पुरवतात. तोल बिघडला तर उजेड जातोही. 2017च्या मारिया चक्रीवादळानंतर ही खाडी मंदावली होती, पुढे सावरली. खाडीचं तोंड रुंद करून मोठी जहाजं आत आणणारा राजा आपल्या राज्याचा उजेड समुद्रात घालवून बसेल.

आणि विष. त्याच पायरोडिनियमच्या काही वाणांत सॅक्सिटॉक्सिन हे मज्जासंस्थेवर घाला घालणारं विष असतं. शिंपले पाणी गाळून खातात, तेव्हा ते त्यांच्या मांसात साठतं. शिंपल्यांना स्वतःला बहुधा फारसं काही होत नाही, खाणाऱ्या माणसाचे मात्र ओठ बधिर होतात आणि विष जास्त गेलं तर श्वास चालवणारे स्नायू थांबतात. फिलिपिन्समध्ये 1983 पासून अशा विषबाधांच्या लाटा आल्या आहेत. शिजवल्याने हे विष जात नाही. निळवणच्या काठावर समुद्र पेटल्यावर शिंपले वर्ज्य, असा नियम पिढ्यान्‌पिढ्या असणारच. मात्र तो लिहिताना एक बारकावा सांभाळा: बहर ओसरून पाणी काळं झालं तरी विष शिंपल्यांत पुढे कित्येक आठवडे राहू शकतं, म्हणून वर्ज्यकाळ उजेडाबरोबर संपता कामा नये. कथेतला परका व्यापारी पाणी विझलेलं पाहून जेवायला बसेल, आणि गावातलं कोणीही त्याच्या पंगतीला बसणार नाही.